आबा, काकवी आणि आरोग्यविश्वास प्रारूप

माणसाने आपल्या प्रकृतीला मानवेल असे का वागावे आणि तो तसे का वागत नाही, हे वर्गात शिकवणे सोपे असते. कारण पाठ्यपुस्तकातल्या माणसाला मिशा नसतात, तो उलटून बोलत नाही आणि संध्याकाळी त्याच्यासोबत एका पंगतीला बसून जेवावे लागत नाही. मी कोल्हापुरातल्या एका महाविद्यालयात मानसशास्त्र शिकवते आणि आरोग्यवर्तनाचे सिद्धान्त हा माझ्या विशेष आवडीचा भाग आहे. माझे सासरे, ज्यांना सगळी गल्ली आबा म्हणते, शिवाजी पेठेतले जुने पैलवान आहेत. त्यांच्या रक्तातली साखर वाढल्याचा अहवाल घरी आला तेव्हा सासूबाईंनी तो न वाचताच माझ्या हातात ठेवला आणि म्हणाल्या, “तुझाच विषय हाय न्हवं? मग कर काय ते.” इतक्या थोड्या शब्दांत एवढे मोठे संशोधन आजवर कुणी माझ्याकडे सोपवले नव्हते.

डॉक्टरांचे सांगणे मोजके होते: गोळी वेळेवर, गोड बंद आणि रोज चालणे. गोळी आबांनी विनातक्रार स्वीकारली, कारण पैलवानाच्या खुराकात आणखी एका वस्तूला केव्हाही जागा असते. साखरही त्यांनी मोठ्या मनाने सोडली, म्हणजे चहातली सोडली, आणि त्या त्यागाच्या पुण्याईवर चपातीबरोबरची काकवीची वाटी पूर्ववत चालू ठेवली. काकवी म्हणजे साखर नव्हे आणि गूळ तर औषधच, असे त्यांचे मत आहे, आणि आमच्या या उसाच्या मुलखात हे मत एकट्या आबांचे आहे असे समजण्याचे कारण नाही. चालण्याचा विषय निघाला तेव्हा मात्र ते खरोखर दुखावले. “जनमभर जोर-बैठका मारल्या, आन् आता म्हाताऱ्यांगत रंकाळ्याला चकरा मारू व्हय?” त्यांचे वय तेव्हा त्र्याहत्तर होते.

मी आरोग्यविश्वास प्रारूपापासून सुरुवात केली, कारण ते प्रारूप अशाच एका पेचातून जन्मले आहे. १९५० च्या दशकात अमेरिकेच्या सार्वजनिक आरोग्य सेवेने क्षयरोग ओळखण्यासाठी छातीचा एक्स-रे काढणाऱ्या गाड्या थेट वस्त्यांत नेऊन उभ्या केल्या, तपासणी फुकट ठेवली, आणि तरीही पुष्कळ लोक तिकडे फिरकले नाहीत. ते का फिरकले नाहीत, याचा शोध गॉडफ्री हॉकबाम, आयर्विन रोझेनस्टॉक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतला. हॉकबाम यांनी बोस्टन, क्लीव्हलँड आणि डेट्रॉइट या शहरांतल्या १,२०० हून अधिक प्रौढांना विचारले, तेव्हा असे दिसले की ‘हा रोग मलाही होऊ शकतो’ आणि ‘तो लवकर कळला तर फायदा आहे’ या दोन्ही गोष्टी ज्यांना पटल्या होत्या त्यांच्यापैकी ८२ टक्के लोकांनी आपणहून एक्स-रे काढून घेतला होता. ज्यांना दोन्हींपैकी एकही पटली नव्हती त्यांच्यात हे प्रमाण केवळ २१ टक्के होते. म्हणजे आधी धोका स्वतःचा वाटला पाहिजे, तो गंभीर वाटला पाहिजे, उपायाचा लाभ दिसला पाहिजे, आड येणाऱ्या अडचणी त्या लाभापेक्षा लहान वाटल्या पाहिजेत आणि हलायला काहीतरी निमित्त मिळाले पाहिजे.

धोका स्वतःचा वाटावा म्हणून मी आबांना गल्लीतल्या मधुमेहींची यादीच करायला सांगितली. त्यांनी ती उत्साहाने केली, आणि पूर्ण झाल्यावर निष्कर्षही काढला की ही सगळी मंडळी खुर्चीवर बसून पगार घेणारी आहेत, लाल मातीत एकही उतरलेला नाही, तस्मात् हा खुर्चीचा रोग आहे. गांभीर्य कळावे म्हणून मी डोळे, मूत्रपिंडे आणि पायांच्या नसा यांविषयी सविस्तर सांगितले. पायाची संवेदना कमी झाली की जखम झालेली कळत नाही आणि झालेली जखम लवकर भरत नाही, हे तर चित्र काढून दाखवले. आबांनी असा लक्षपूर्वक विद्यार्थी होऊन ऐकले की माझा ऊर भरून आला. मग ते उठले, शेजारच्या अण्णांकडे गेले आणि त्यांना पाय तपासून घेण्याची सक्त ताकीद देऊन आले. नील वाइनस्टीन यांनी १९८० मध्येच दाखवून दिले होते की वाईट गोष्टी आपल्यापेक्षा दुसऱ्यांच्या वाट्याला अधिक येतील, असे माणसे सर्रास मानतात. परंतु त्या समजुतीपायी कुणी शेजाऱ्याची एवढी सेवा केल्याचे माझ्या वाचनात नाही.

जेम्स प्रोचास्का आणि कार्लो डिक्लेमेंटी यांचे पायऱ्यांचे प्रारूप मी सासूबाईंना समजावून सांगितले: आधी माणूस बदलाचा विचारच करत नाही, मग करू लागतो, मग तयारी, मग कृती आणि मग ती टिकवणे. त्यांनी भाजी निवडता निवडता विचारले, “मग ह्यांची पायरी कुठली?” मी म्हटले, “पहिलीच.” “बरी हाय की,” त्या म्हणाल्या, “चाळीस वर्सं माझ्या बाबतीत तितंच हाईत.”

सर्वांत अधिक आशा मला प्रेरणादायी मुलाखतीच्या पद्धतीची होती. विल्यम मिलर यांनी १९८३ मध्ये मद्यपींच्या उपचारांतून ती मांडली आणि पुढे स्टीफन रोलनिक यांच्यासह वाढवली. तिचे सूत्र मला मनापासून पटते: आपण उपदेश केला की समोरचा विरुद्ध बाजूचे वकीलपत्र घेतो, म्हणून उपदेश करायचाच नाही, खुले प्रश्न विचारायचे आणि बदलाची बाजू त्याच्याच तोंडून वदवून घ्यायची. त्याप्रमाणे एका निवांत दुपारी मी विचारले, “आबा, काकवी तुम्हाला काय देते?” हा प्रश्न फारच खुला निघाला. आबांनी करवीर तालुक्यातल्या गुऱ्हाळांचे, काहिलीतून उतरणाऱ्या ताज्या काकवीचे आणि त्या काकवीवर जिंकलेल्या कुस्त्यांचे जे वर्णन केले त्याने मला स्वतःला भूक लागली आणि मी उठून चपाती आणली. तरी मी धीर न सोडता या पद्धतीतला मोजपट्टीचा प्रश्न काढला. “शून्य ते दहामध्ये सांगा, काकवी सोडायची तुमची तयारी किती?” आबा विचार करून म्हणाले, “तीन.” इथे शिकवणी अशी आहे की, ‘इतकीच का?’ असे विचारायचे नाही. ‘याहून कमी का नाही?’ असे विचारायचे, म्हणजे उत्तर देताना माणूस आपोआप बदलाची कारणे सांगू लागतो. मी विचारले, “तीनपेक्षा कमी का नाही?” आबांनी माझ्याकडे निरखून पाहिले आणि म्हणाले, “बरं, दोन लिव.”

अल्बर्ट बंडुरा यांच्याविषयी थोडक्यात सांगते. ‘हे मला जमेल’ असा विश्वास असल्याशिवाय माणूस बदलाला हात घालत नाही, असे त्यांनी १९७७ मध्ये मांडले. आबांकडे हा विश्वास तुडुंब आहे. मनात आणले तर उद्या सकाळी काकवी सोडीन, असे ते म्हणतात आणि मला त्यात तिळमात्र शंका नाही. अडचण एवढीच की ते मनात आणत नाहीत.

या टप्प्यावर माझ्या यजमानांनी सूत्रे हाती घेतली आणि आबांच्या मोबाइलवर काळ्याठिक्कर पडलेल्या पायांचे व्हिडिओ पाठवायला सुरुवात केली. भीती दाखवून काय साधते, हे पाहणारा एक जुना प्रयोग मला फार आवडतो. हॉवर्ड लेव्हेंथॉल आणि सहकाऱ्यांनी १९६५ मध्ये येल विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांना धनुर्वाताची माहितीपत्रके दिली; काहींना अंगावर काटा आणणारी, काहींना सौम्य. भयंकर पत्रक वाचलेल्यांना लस घेण्याचे महत्त्व अधिक पटले, पण प्रत्यक्ष लस घ्यायला जाण्यात भीतीने काही विशेष फरक पडला नाही. फरक पडला तो एका किरकोळ कागदाने. ज्यांना आरोग्यकेंद्र खूण करून दाखवणारा नकाशा दिला आणि कधी जायचे ते ठरवायला सांगितले, त्यांच्यातले सुमारे २८ टक्के गेले. बाकीच्यांतले जेमतेम ३ टक्के. गंमत अशी की ते विद्यार्थी शेवटच्या वर्षाचे होते आणि केंद्र कुठे आहे हे त्यांना ठाऊकच होते. इतके सिद्धान्त माणसाच्या डोक्यात शिरू पाहतात, आणि हा एक कागद मात्र त्याच्या पायाखालची वाट दाखवून मोकळा होतो. म्हणून माझा जीव त्याच्यावर आहे.

मी कॅलेंडरच्या पाठीमागे नकाशा काढला: संध्याकाळी सहा, चहा झाल्यावर, घरातून रंकाळा, काठाने संध्यामठाच्या बाजूला आणि परत. आबांनी तो घडी करून सदऱ्याच्या खिशात ठेवला आणि सहाच्या ठोक्याला बाहेर पडले, कारण वस्तादाने आखून दिलेला व्यायाम चुकवायचा नसतो, हे त्यांच्या हाडात मुरलेले आहे. ते वेळेवर गेले आणि वेळेवर आले. येताना उसाचा रस पिऊन आले. “नकाशात रसवंती न्हवती,” ते म्हणाले, “आन् पिऊ नगं असंबी लिवलं न्हवतंस.” यावरचा तोडगाही शास्त्रात आहे: अमुक घडले तर तमुक करायचे, असा संकल्प आधीच बांधून ठेवावा, असे पीटर गोलविट्झर यांनी १९९९ मध्ये सुचवले. मी नकाशावर ठळक अक्षरांत लिहिले, ‘चरकाची घुंगरे ऐकू आली तर रस्ता ओलांडून पलीकडच्या बाजूने चालायचे.’ आबांनी तेही शब्दशः पाळले, आणि पलीकडच्या बाजूने चालता चालता ते थेट गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर पोहोचले.

कट्ट्यावर म्हशीची धार समोर काढून फेसाळ दुधाचा पेला हातात देतात, आणि तिथे बसलेल्या जुन्या पैलवानांच्या मंडळात दुसरा पेला नाकारणे म्हणजे आजारी असल्याची जाहीर कबुली देणे होय. आइसेक एजेन यांच्या नियोजित वर्तनाच्या सिद्धान्तात, आपली माणसे आपल्याकडून काय अपेक्षा करतात याला एक चौकट दिलेली आहे; वृत्तीची एक, नियंत्रणाची एक आणि ही एक, अशा सारख्या आकाराच्या तीन चौकटी मी फळ्यावर काढत आले आहे. कोल्हापुरात ती चौकट फळा भरून काढावी आणि बाकीच्या दोन्ही तिच्या आत बसवाव्यात, असे आता माझे स्पष्ट मत आहे. कारण जे मला, डॉक्टरांना आणि काळ्या पायांना जमले नव्हते, ते त्या कट्ट्यावर एका संध्याकाळी घडले. आबांच्या उमेदीच्या काळातले मंगळवार पेठेतले एक प्रतिस्पर्धी, ज्यांच्याशी झालेली कुस्ती कोण जिंकले होते यावर अद्याप एकमत नाही, खिशातून कागद काढून सर्वांसमक्ष म्हणाले की, “आमची तीन महिन्यांची साखर नवावरनं साताला आली.” दुसऱ्या दिवशी सकाळी आबांनी काकवीची वाटी स्वतःच्या हाताने बाजूला सरकवली आणि विचारले, “सूनबाई, साडेसहाला काय काय सोडावं लागंल?”

तेव्हापासून आमच्या घरात आरोग्यवर्तन नुसते ओसंडून वाहत आहे. आबा सकाळ-संध्याकाळ चालतात. डॉक्टरांनी सांगितले की या वयात आकडा फार खाली ओढण्याच्या मागे लागू नये, सातच्या आसपास उत्तम; त्यावर आबांनी हे डॉक्टर मूळचे कुठल्या पेठेतले, याची चौकशी केली. दर आठवड्याला रक्त तपासावे, असा त्यांचा हट्ट आहे. मी समजावले की एचबीएवनसी, म्हणजे कट्ट्यावर गाजलेली ती तीन महिन्यांच्या साखरेची तपासणी, तांबड्या पेशींना चिकटलेली साखर मोजते, त्या पेशी सुमारे १२० दिवस जगतात, म्हणून साधारण तीन महिन्यांनी एकदा मोजण्यातच अर्थ असतो. आबांना ते अजिबात रुचले नाही. “तीन म्हयन्यात एकच कुस्ती? आन् मदल्या काळात तो नुरा खेळला, तर कळायचं कसं?” अखेर त्यांनी आपला प्रस्ताव कट्ट्यावर मांडला: दोघांचे रक्त एकाच दिवशी, एकाच लॅबमध्ये, पंचांसमोर काढायचे आणि निकाल तिथेच जाहीर करायचा. पंच म्हणून त्यांनी माझे नाव सुचवले आहे. मंगळवार पेठेने त्याला हरकत घेतली आहे, कारण मी मानसशास्त्र कितीही शिकलेली असले तरी शेवटी शिवाजी पेठेची सून आहे.