निळा हात आणि सत्तेचाळीस दिवसांचा फरक

गेल्या काही महिन्यांपासून नागपुरातल्या सकाळी फिरणाऱ्यांच्या, भिशीच्या आणि सोसायट्यांच्या व्हॉट्सॲप गटांमध्ये एक लांबलचक संदेश फिरतो आहे. त्याचा सारांश असा : मध्य अमेरिकेतल्या माया लोकांची हजारो वर्षांपूर्वीची ‘तेरा चंद्रांची दिनदर्शिका’ हीच निसर्गाची खरी कालगणना आहे, बारा महिन्यांच्या कॅलेंडरमुळे शरीराची लय बिघडते, आणि जन्मतारखेवरून आपले ‘किन’, म्हणजे २६० दिवसांच्या चक्रातला आपल्या जन्मदिवसाचा क्रमांक, काढून तेरा दिवसांची ‘लहर’ पाळली, तर थायरॉईड, साखर व पाळीच्या तक्रारी औषधांशिवाय बऱ्या होतात. धरमपेठेतल्या आमच्याच इमारतीतल्या एका काकूंनी हा संदेश वाचून थायरॉईडची गोळी बंद केली, म्हणून हा लेखनप्रपंच.

पहिला दावा प्राचीनतेचा. संदेशातली दिनदर्शिका ‘ड्रीमस्पेल’ या नावाने ओळखली जाते आणि ती होजे अर्ग्वेयेस (१९३९–२०११) या अमेरिकी कला-इतिहासकाराने पत्नी लॉयडीन यांच्यासह १९९० मध्ये लोकांपुढे आणली. माया परंपरेत १ ते १३ हे अंक आणि वीस दिवसनामे यांच्या जोड्यांतून २६० दिवसांचे चक्र तयार होते. अर्ग्वेयेस यांनी तो सांगाडा उचलला, त्याला २८ दिवसांचे तेरा महिने जोडले, २६ जुलैला वर्षारंभ ठरवला आणि उरलेल्या २५ जुलैला ‘काळाबाहेरचा दिवस’ म्हटले. मायांचे सौरवर्ष मात्र वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवस असे ३६५ दिवसांचे होते. २८ दिवसांचा महिना त्यात कुठेच नाही.

ही केवळ तपशिलाची चूक असती तर सोडून दिली असती. परंतु २६० दिवसांचे ते चक्र मृत नाही. ग्वाटेमालाच्या डोंगराळ भागात, मोमोस्तेनांगोसारख्या गावांमध्ये, किचे माया समाजातले जाणते ते आजही एकही दिवस न गाळता मोजतात. ड्रीमस्पेलमध्ये २९ फेब्रुवारी हा दिवस मोजलाच जात नाही. परिणाम काय होतो, ते कागद-पेन्सिल घेऊन कोणीही पाहू शकतो. जग बुडणार म्हणून आपल्याकडच्या वृत्तवाहिन्यांनीही गाजवलेली २१ डिसेंबर २०१२ ही तारीख घ्या. माया गणनेत तो दिवस ‘४ आजाव’ होता, म्हणजे चक्रातला १६० वा. ड्रीमस्पेलने त्याच दिवसाला ‘१२ मानिक’ म्हणजे २०७ वा ठरवले. फरक ४७ दिवसांचा. त्यानंतर २०१६, २०२० आणि २०२४ ची लीप वर्षे गेल्यामुळे तो आता ४४ वर आला आहे. म्हणजे ज्या ‘किन’वर आपला स्वभाव, आजार आणि उपचार अवलंबून असल्याचे सांगतात, ते मायांच्या हिशोबाने भलत्याच दिवसाचे निघते. २९ फेब्रुवारीला जन्मलेल्यांनी तर आपला दिवस शोधायचा कुठे, हा प्रश्नच आहे. जाता जाता एक गंमत : ‘मानिक’च्या चिन्हात हाताची आकृती दिसते, म्हणून ड्रीमस्पेलमध्ये तो ‘निळा हात’ झाला आणि उपचारशक्तीचे प्रतीक ठरला, किचे लोक मात्र त्या दिवसाला हरीण म्हणतात.

दुसरा दावा चंद्राचा, आणि तो खोडून काढायला फुटाळा तलावाच्या काठावर उभे राहून वर पाहणे पुरेसे आहे. अमावास्येपासून अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस लागतात, २८ नव्हे. समजा, २६ जुलैलाच अमावास्या आली, तर या दिनदर्शिकेच्या अकराव्या ‘चंद्रा’च्या पहिल्या दिवशी आकाशात जवळजवळ पौर्णिमेचा चंद्र असेल. आपल्या पंचांगकर्त्यांना ही अडचण फार पूर्वीपासून ठाऊक होती. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस सौरवर्षाला सुमारे अकरा दिवस कमी पडतात, म्हणून साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक मास धरतात. २०२३ मध्ये अधिक श्रावण आला तो त्यामुळेच. ज्यांच्या घरी पोळा अमावास्येला आणि तान्हा पोळा दुसऱ्या दिवशी येतो, त्यांना चंद्राचा महिना २८ दिवसांचा सांगावा, हे धाडसच म्हणायचे.

बारा महिन्यांनी आजार होतात, या दाव्यावर फार शाई खर्चण्याचे कारण नाही, कारण चैत्र ते फाल्गुन मोजले तरी महिने बाराच भरतात. उलट, २८ दिवसांच्या तेरा महिन्यांची योजना फ्रान्सच्या ऑग्युस्त कोम्त यांनी १८४९ मध्येच मांडली होती आणि ईस्टमन कोडॅक कंपनीने तशाच दिनदर्शिकेवर १९२८ ते १९८९ अशी साठेक वर्षे आपला कारभार चालवला. तिथले कारकून त्यामुळे अधिक निरोगी झाल्याचे काही ऐकिवात नाही. पाळीचे चक्रही सर्वांचे २८ दिवसांचे नसते. प्रौढ स्त्रियांमध्ये साधारण २१ ते ३५ दिवसांचे चक्र सामान्य मानले जाते. त्यामुळे २८ च्या साच्यात न बसणाऱ्या बाईला ‘तुमची लय बिघडली आहे’ असे सांगणे म्हणजे नसलेला आजार तिच्या गळ्यात बांधणे होय.

आता तेरा दिवसांची लहर. काकूंचे म्हणणे होते, ‘‘गोळी सोडून तेरा दिवस झाले, मला काहीच त्रास नाही, उलट हलकं वाटतंय.’’ त्यांचा अनुभव खोटा नव्हता, अर्थ चुकीचा होता. थायरॉईडच्या गोळीतले औषध, लेव्होथायरॉक्सिन, शरीरात निम्मे व्हायलाच सुमारे आठवडा लागतो. गोळी थांबवून तेरा दिवस झाले तरी चौथ्या हिश्शाहून थोडे अधिक औषध अंगात शिल्लक असते, आणि उणीव जाणवायला त्यापुढेही काही काळ जातो. म्हणून डॉक्टर मात्रा बदलल्यावर टीएसएचची, म्हणजे थायरॉईडला चालना देणाऱ्या संप्रेरकाची, तपासणी सहा-एक आठवड्यांनी करायला सांगतात. आधीच्या गोळ्यांनी केलेल्या कामाचे श्रेय लहरीला मिळते ते असे. इन्शुलिनवर जगणाऱ्या मधुमेह्याला तर इतकीही सवलत नाही. पहिल्या प्रकारच्या मधुमेहात ते बंद केल्यास काही दिवसांतच जिवावर बेतू शकते.

संदेश पुढे पाठवणारे म्हणतात, श्रद्धेने काय बिघडते? तान्ह्या पोळ्याला आपण सगळेच मारबतीच्या काळ्या-पिवळ्या पुतळ्यांच्या मिरवणुकीत ‘घेऊन जा गे मारबत’ म्हणत रोगराईला शहराबाहेर घालवतो, आणि दुसऱ्या दिवशी ताप आला तर दवाखाना गाठतो. मारबत कोणाला गोळी सोडायला सांगत नाही. हा संदेश सांगतो.

काकूंनी डॉक्टरांशी बोलून गोळी पुन्हा सुरू केली आहे. सहा आठवड्यांनंतरच्या रक्ततपासणीची तारीख त्यांनी स्वयंपाकघरातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर, दूधवाल्याच्या हिशोबाशेजारी, लाल पेनाने लिहून ठेवली आहे.