भीतीला हसता कसले?

आज संध्याकाळी फिल्म क्लबमध्ये 'तोरेरो' बघितला. १९५६चा मेक्सिकन सिनेमा, बुलफायटिंगवरचा. पडद्यावर लुईस प्रोकुना बैलासमोर कच खातो, लोक त्याची हुर्यो उडवतात, आणि माझ्या मागच्या रांगेतले दोघं खिदळले. "कसला फट्टू आहे!" घरी आल्यापासून डोकं ठणकतंय.

माझे बाबा लाइनमन होते. पावसाळ्यात रात्री-अपरात्री बोलावणं यायचं. निघताना आई चहा द्यायची. बाबा दोन्ही हातांनी बशी धरायचे, तरी चहा काठावरून पँटवर सांडायचा. शेजारचे काका एकदा आमच्यादेखत म्हणाले, "एवढी भीती वाटते तर नोकरी कशाला करतोस?" बाबा काही बोलले नाहीत. पट्टा घेतला, सायकल काढली, गेले.

प्रोकुना नट नव्हे, खराखुरा बुलफायटर. स्वतःचंच आयुष्य त्याने कॅमेऱ्यासमोर मांडलं. ५ फेब्रुवारी १९४६ला मेक्सिको सिटीत प्लाझा मेक्सिको हे अवाढव्य रिंगण सुरू झालं, त्या दिवशी तो स्पेनच्या नावाजलेल्या बुलफायटरबरोबर, मानोलेतेबरोबर उतरला होता. पुढच्याच वर्षी स्पेनमध्ये लिनारेसला बैलाच्या शिंगाने मानोलेते गेला. मानोलेतेसारखा माणूस असा गेल्यावर पुन्हा त्याच वाळूत उतरायचं! एसीत बसून पॉपकॉर्न खाणाऱ्यांना काय कळणार त्यातलं?

हो, बैलाला कुणी विचारलं नव्हतं. मान्य. २०२५मध्ये मेक्सिको सिटीने कायदा करून रिंगणात बैल मारणं बंद केलं, ते बरंच झालं. पण त्या दोघांना बैलाची कणव नव्हती आली हो. घाबरलेला माणूस बघून मजा आली त्यांना, जशी त्या काकांना यायची.

आणि सिनेमाच्या शेवटी प्लाझा मेक्सिकोतच 'पोल्वोरितो' नावाच्या बैलासमोर प्रोकुना असा काही खेळला की अख्खं रिंगण वेडं झालं. तेव्हा टाळ्या कोण वाजवत होतं? हेच दोघं! भीती तीच, माणूस तोच.

प्रोकुना १९९५मध्ये एल साल्वादोरमधल्या विमान अपघातात गेला. जन्मभर शिंगांची धास्ती, आणि मरण आलं ते असं. हे वाचलं आणि राग कुठल्या कुठे गेला, नुसतंच भरून आलं.

बाबा निवृत्त झाले त्यानंतर त्यांची बशी कधी हिंदकळली नाही. एक थेंब सांडला नाही. म्हणजे तेवढी सगळी वर्षं ते भीत होते, आणि एकदाही जायला नाही म्हणाले नाहीत.

आज मागे वळून त्या पोरांना हे सांगायला हवं होतं. मीही काही बोलले नाही. पर्स उचलली आणि घरी आले.