काढ की त्यातलं काहीतरी!

सांगलीत पावसाळ्यात कुणालाही झोपेतून उठवून विचारा, आयर्विन पुलाशी ४० फूट म्हणजे इशारा आणि ४५ फूट म्हणजे धोका, हे तो डोळे न उघडता सांगेल. पाणी कुठल्या गल्लीत आधी शिरतं, गाडी कुठे हलवायची, वरच्या मजल्यावर काय न्यायचं, सगळा हिशेब तोंडपाठ. त्याच घरातल्या निन्टेन्डो स्विच या गेम खेळायच्या यंत्रात जागा किती उरली आहे, हे मात्र कुणालाच ठाऊक नसतं. त्या यंत्राला इशारा पातळीच नाही, ते एकदम धोक्यालाच तोंड उघडतं. नवा गेम घेतला, उतरवायला लावला, मंडळी भडंगाची वाटी घेऊन बसली, की पडद्यावर पाटी येते: जागा पुरेशी नाही.

पुढचा संवाद विश्रामबागेत काय आणि वखारभागात काय, सारखाच.

"आई, स्विच गच्च झालाय."

"मग काढ की त्यातलं काहीतरी."

"काय काढू?"

"जे खेळत नाहीस ते."

"सगळंच खेळतोय की मी."

यातलं शेवटचं वाक्य धादांत खोटं असतं, आणि ते यंत्रालाही माहीत असतं. ते कसं, ते पुढे सांगतो.

आधी जागेचा हिशेब. मूळ स्विच आणि स्विच लाइट या दोघांच्या पोटात ३२ जीबी. त्यातला आपला वाटा यंत्र आधीच उचलून घेतं आणि तुमच्या हाती उरतात २५.९ जीबी. २०१७ साली यंत्राबरोबरच आलेला 'ब्रेथ ऑफ द वाइल्ड' एकटा १३.४ जीबीचा. म्हणजे पहिलाच पाहुणा आला आणि अर्ध्याहून जास्त घर त्याचं झालं. पुढे स्विचच्याच ओएलईडी मॉडेलला ६४ जीबी दिले. पण दोन खोल्यांच्या चार झाल्या म्हणून कुणाच्या घरातलं सामान कमी झालेलं मी तरी पाहिलेलं नाही.

जागा वाढवायला मायक्रोएसडी मेमरी कार्ड घातलं की दुसरा तंटा. पाकिटावर १२८ जीबी छापलेलं असतं आणि यंत्र दाखवतं ११९. "काटा मारला!" आपल्या ऊसपट्ट्यात हा पहिला उद्गार. पण इथे काट्यात खोट नाही. कार्ड बनवणारा एक जीबी म्हणजे १०० कोटी बाइट धरतो. यंत्र १०२४ ला १०२४ ने दोनदा गुणतं, तो आकडा १०७ कोटींच्या वर जातो. माल तेवढाच आहे, मापं वेगळी आहेत. त्याच न्यायाने २५६ चे २३८ होतात आणि ५१२ चे ४७६. भांडायला दुकानात जायच्या आधी एवढा भागाकार करून जावं.

आता मुख्य दुखणं. आपल्याला काही टाकवत नाही. माळ्यावर वातीचा स्टोव्ह आहे, वाती मिळत नाहीत, तरी स्टोव्ह आहे. "असू दे, लागेल कधीतरी." हाच माणूस 'डिलीट सॉफ्टवेअर' या शब्दांसमोर बसला की त्याच्या हाताला कंप सुटतो. त्याला वाटतं, गेम गेला म्हणजे घेतलेले पैसे गेले, आणि दोनशे तास राबून उभं केलेलं सगळं गेलं. स्विचवर यातलं काहीच जात नाही. ही एवढी एक गोष्ट कळली की निम्मा छळ संपतो.

गेम वेगळा आणि सेव्ह वेगळा. गेम म्हणजे कित्येक जीबींचं धूड. सेव्ह म्हणजे तुम्ही कुठवर आलात याची वही, बहुतेक वेळा काही एमबींची. धूड इ-शॉपमधून, म्हणजे निन्टेन्डोच्या इंटरनेटवरच्या दुकानातून, हवं तेव्हा परत आणता येतं आणि पैसे पुन्हा पडत नाहीत. वही फक्त तुमच्याकडे असते. लोक नेमकं उलट करतात. धुडाला हात लावायला घाबरतात आणि जागा होईल म्हणून वही फाडायला निघतात. सेटिंग्जमध्ये 'डेटा मॅनेजमेंट' उघडून सेव्ह पुसण्याचा पर्याय शोधून काढणारे महाभाग आहेत. वर्षभराची कमाई पुसून जागा किती मिळते? दोन फोटो मावतील एवढी.

खरी रीत अशी. होम स्क्रीनवर गेमच्या चित्रावर जा, पण गेम उघडू नका. उजव्या जॉयकॉनवरचं, म्हणजे उजव्या हातातल्या कंट्रोलरवरचं, अधिक चिन्हाचं बटण दाबा. जी यादी येते तिच्यात 'मॅनेज सॉफ्टवेअर' आहे. त्यात दोन वाटा फुटतात: 'आर्काइव्ह सॉफ्टवेअर' आणि 'डिलीट सॉफ्टवेअर'. जागा दोन्हींत सारखीच सुटते आणि सेव्हला दोन्हींत धक्का लागत नाही. डिलीट मारलं की गेमचं चित्रही जातं, आर्काइव्हमध्ये चित्र जागच्या जागी राहतं. पुढे कधी ते चित्र दाबलं की गेम पुन्हा उतरवून घेता येतो आणि तुम्ही सोडलं होतं तिथूनच तो सुरू होतो.

आपल्या हरिपूरला हे नव्याने सांगायला नको. कृष्णा-वारणेच्या संगमाजवळ जमिनीत पेवं खणून हळद साठवायची तिथली रीत जुनी आहे. तोंड अरुंद, पोट मोठं. माल पेवात ठेवायचा आणि बाजारात वानगी दाखवायची. आर्काइव्ह म्हणजे तेच: माल इ-शॉपच्या पेवात, पडद्यावर नुसती वानगी. २००५ च्या महापुरात हरिपूरच्या पेवांत पाणी शिरलं. इ-शॉपचं पेव कृष्णेच्या पातळीवर नाही, पण त्याचा मालक दुसरा आहे हे विसरू नये. थ्रीडीएस आणि वी यू या निन्टेन्डोच्याच जुन्या यंत्रांच्या दुकानातली विक्री मार्च २०२३ मध्ये बंद झाली. आधी घेतलेलं उतरवायची सोय तेव्हा ठेवली गेली, म्हणून लोकांचा जीव भांड्यात पडला.

"सगळंच खेळतोय की मी" हे खोटं यंत्राला कसं कळतं? 'डेटा मॅनेजमेंट'मध्ये 'क्विक आर्काइव्ह' म्हणून एक कलम आहे. कुठल्या गेमला बरेच दिवस हात लागलेला नाही हे बघून ते स्वतःच सुचवतं, यातलं काढा. घरात कुणाच्याही तोंडावर इतकं स्पष्ट बोलणारं दुसरं कुणी नसतं. तिथेच 'मॅनेज सॉफ्टवेअर'ची पूर्ण यादी आहे, प्रत्येक गेमपुढे त्याचं वजन लिहिलेलं. लोक चिल्लर गेम चार-पाच काढतात, एक जीबी सुटतो आणि घाम पुसतात. ट्रॉलीभर ऊस उतरवायचा आहे आणि हे चार कांड्या काढून ठेवतात. वजन बघा, सर्वांत जड असलेला एक आर्काइव्ह करा आणि विषय संपवा.

गेम डाउनलोड न करता डब्यातलं कार्ट्रिज, म्हणजे यंत्रात खोचायची छोटी चकती, घेणाऱ्यांना वाटतं आपण या फेऱ्यातून सुटलो. अर्धवट सुटलात. मूळ गेम कार्ट्रिजवरून वाचला जातो हे खरं, पण त्याची अपडेटं आणि वरून घेतलेली प्रकरणं यंत्रातच उतरतात. काही डब्यांवर तर बारीक अक्षरात लिहिलेलं असतं की उरलेला भाग डाउनलोड करावा लागेल. म्हणजे डबा आणला आणि शेंगदाणे शेजाऱ्याकडून मागायचे. जाता जाता: कार्ट्रिज लहान पोरांनी तोंडात घालू नये म्हणून त्यावर डेनाटोनियम बेन्झोएट नावाचं भयानक कडू रसायन लावलेलं असतं. हे वाचून चाटून बघणारा मोठा माणूस प्रत्येक घरात एक असतो.

डिलीटची ही भीती उगाच आलेली नाही, हेही सांगायला हवं. प्लेस्टेशन व्हिटा या सोनीच्या यंत्रावर गेमचा बुडबुडा, म्हणजे पडद्यावरचं गोल चित्र, काढला की सेव्हही त्याच्याबरोबर जायचा. ज्यांचे हात तिथे पोळले ते स्विचचं ताकही फुंकून पितात. थ्रीडीएसवर गेम काढताना सेव्हची प्रत ठेवायची का, असं विचारलं जायचं, आणि घाईत चुकीचं बटण दाबणाऱ्याला दयामाया नव्हती. त्यातून ते यंत्र जागा सांगायचं 'ब्लॉक'मध्ये. ८ ब्लॉक म्हणजे १ एमबी. गुंठ्याचा भाव विचारावा आणि समोरच्याने वितीत सांगावा, तसला प्रकार. न्यू थ्रीडीएसवर कार्ड बदलायचं तर पाठीमागचं झाकण स्क्रूड्रायव्हरने उघडावं लागायचं. दुधाच्या पातेल्याला कुलूप घालावं तसं.

स्विचवर सेव्ह नकळत उडण्याचा दरवाजा वेगळाच आहे, आणि तो जागेच्या खात्यात नाहीच. मे महिन्याच्या सुट्टीत मावसभाऊ येतात, प्रत्येक जण आपापलं यूझर खातं काढतो. जूनमध्ये घरातला कुणीतरी शिस्तप्रिय माणूस "ही कोण मंडळी?" म्हणत ती खाती उडवतो. खातं उडालं की त्या खात्यावरचे सगळे सेव्ह उडतात. दिवाळीत मावसभाऊ परत येतो तेव्हा जे महाभारत होतं, त्याचं खापर यंत्रावर फुटतं. खाती राहू द्यावीत. ती फारशी जागा खात नाहीत.

दुसरी गोष्ट पूररेषेत राहणाऱ्यांसाठी. सेव्ह मायक्रोएसडी कार्डावर कधीच जात नाही, तो यंत्राच्या पोटातच राहतो. तेव्हा पाणी वाढायला लागल्यावर कार्ड खिशात घातलं आणि स्विच टीव्हीखालीच राहिला, तर तुम्ही वाचवलं ते फुकट मिळणारं आणि सोडलं ते न मिळणारं. निन्टेन्डोच्या ऑनलाइन सेवेची वर्गणी भरली तर सेव्हची प्रत क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवर, राहते, पण 'स्प्लॅटून २' आणि 'पोकेमॉन स्वॉर्ड'सारखे काही गेम त्या सोयीत बसत नाहीत.

कार्ड घालताना स्विच पूर्ण बंद करा, नुसता स्लीप मोडवर झोपवून चालत नाही. वरचं पॉवरचं बटण तीन सेकंद धरा, 'पॉवर ऑप्शन्स', मग 'टर्न ऑफ'. मूळ स्विचला कार्डाची खाच पाठीमागच्या टेकूच्या आड आहे. हा टेकू एखाद्या दिवशी हातात निघून येतो आणि घरात सुतकी शांतता पसरते. घाबरू नका, तो निघण्यासाठीच बनवलाय, दाबला की परत बसतो. ६४ जीबी किंवा त्याहून मोठं कार्ड पहिल्यांदा घातलं की यंत्र सिस्टिम अपडेट मागू शकतं, म्हणून वाय-फाय चालू असताना घालावं. पोटातले गेम कार्डावर हलवायची सोय एप्रिल २०२० च्या अपडेटपासून 'डेटा मॅनेजमेंट'मध्येच आहे. त्याआधी काढून पुन्हा उतरवणं हाच मार्ग होता.

छोटं कार्ड भरलं म्हणून मोठं आणलं, तर नवं कार्ड आधी स्विचमध्येच फॉरमॅट करा, मग जुन्यावरचं 'निन्टेन्डो' नावाचं अख्खं फोल्डर कॉम्प्युटरवर घ्या आणि तसंच्या तसं नव्यावर टाका. आतलं निवडत बसू नका. दोन कार्डांवरचा माल एकावर एकत्र करता येत नाही, तिथे वाटण्या झालेल्या भावांसारखी गत आहे. आणि ते कार्ड शेजाऱ्याच्या स्विचमध्ये चालणार नाही, कारण माल ज्याच्या त्याच्या यंत्राशी बांधलेला असतो. जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ च्या पोटात २५६ जीबी आहेत. पण तिथे गेम ठेवायला मायक्रोएसडी एक्सप्रेस नावाचं वेगळं कार्ड लागतं. घरातलं जुनं कार्ड त्याला फक्त आधीच्या स्विचचे फोटो आणि व्हिडिओ दाखवण्यापुरतं.

राहता राहिलं बनावट कार्ड. ५१२ जीबीचं कार्ड निम्म्याहून कमी किमतीत मिळतंय म्हटल्यावर कुणाच्याही तोंडाला पाणी सुटतं. आत चिप असते ३२ ची, आणि ती शपथेवर ५१२ सांगते. पहिले ३२ जीबी नीट बसतात, त्यामुळे आठवडाभर घेणाऱ्याचं कौतुक होतं. त्यानंतर लिहिलेलं एक तर हवेत जातं किंवा आधीच्यावर चढतं, आणि गेम 'करप्ट' म्हणून बोंब ठोकू लागतो. तोवर दुकानाची पावती धुण्यात गेलेली असते.

म्हणून कार्ड आलं की आधी विंडोजवर एच२टेस्टडब्ल्यू हा फुकट प्रोग्रॅम चालवावा, लिनक्स किंवा मॅक असेल तर एफ३. तो कार्ड काठोकाठ भरतो आणि लिहिलेलं परत वाचून ताळा बघतो. ५१२ जीबीला यात रात्र जाते, घाई करून थोडासाच भाग तपासला तर बनावट कार्डही पास होतं. सकाळी हिरवी पाटी दिसली की कार्ड खरं. तपासणीच्या एकेक जीबीच्या फाइली मात्र तो आपणहून पुसत नाही. त्या न काढता, फॉरमॅट न करता कार्ड तसंच स्विचमध्ये घातलं, की स्वयंपाकघरापर्यंत आवाज जातो:

"आई, नवं कार्डपण गच्च दाखवतंय!"