शड्डू त्यांचा, मांडी माझी

डाव्या मांडीवर चार बोटं उमटली आहेत, हिरवट-जांभळी. बायको हसली ते ठीक, पण तिने फोटो काढून माहेरच्या ग्रुपवर टाकला.

हैदराबादेत राहायचं आणि तेलुगू स्टार बालकृष्णाच्या सिनेमाचा पहिल्या दिवसाचा पहिला शो बघायचा नाही म्हणजे काय, असं ऑफिसात सगळेच म्हणत होते. म्हणून आरटीसी क्रॉस रोडच्या एका थिएटरात गेलो. शेजारी साठीचे गृहस्थ, खांद्यावर टॉवेल, मांडीवर कागदाच्या कपट्यांची पिशवी. हिरो गावात आला. म्हणजे आधी चप्पल आली, मग धूळ, मग मिशी. गुंडांच्या सुमो थांबल्या, हिरोने शड्डू ठोकला आणि फाडकन माझ्या मांडीवर बसली.

"अंकल!"

"सारी, सार. मेरी टांग में राड है ना. डाक्टर नक्को बोले."

"तो मेरी पे मारेंगे?"

मी प्रसाद नाकारल्यासारखं त्यांनी माझ्याकडे बघितलं. "आप जवान हैं. आपकू क्या होता?"

मी लॅपटॉपची बॅग मांडीवर घेतली. त्यांनी ती अलगद उचलून स्वतःच्या पायाशी ठेवली. "वजन कायकू पकडते, सार?" आणि पुढच्या शड्डूला मैदान मोकळं!

2003 साली 'पलनाटि ब्रह्मनायुडू'मध्ये बालकृष्णाने आगगाडी उलटी पाठवली. त्या क्लिपला देश अजून हसतो. इंटरव्हलला मीही विषय काढून हसलो. अंकल हसले नाहीत. "कायकू नै जाती पीछे?" आता यावर काय बोलणार? आंध्रातल्या हिंदूपूरकरांनी बालकृष्णाला 2014 पासून सलग तीनदा आमदार केलंय. गाडी मागे नेणाऱ्याला गाव पुढे न्यायला असं काय लागतं!

सिनेमातल्या गावात शेती कुणीच करत नव्हतं, कोयते मात्र घरोघरी. हे सगळं रायलसीमेत घडतं म्हणे. अनंतपूरकडचा तो मुलूख पावसाला पारखा, फॅक्शनच्या, म्हणजे गावातल्या गटांच्या वैरात तिथली खरी माणसं मेली. 1999 च्या 'समरसिंहा रेड्डी'पासून त्यावर पैसा वसूल चाललाय. पाण्याचा प्रश्न हिरो दुसऱ्या गाण्याआधी मिटवतो. हिरॉईन त्याच्या मुलीच्या वयाची, तिला तीन गाणी आणि शून्य वाक्यं. बरं, हेही मला धड दिसलं नाही, कारण पुढची रांग बसलीच नाही. ओरडलो तर डोक्यावर कपटे पडले. डोअरकीपरला सांगितलं, तर तोही शिट्टी वाजवत होता.

शो सुटला. अंकलनी माझी बॅग झटकून हातात दिली.

"फाइटां कम पडे, सार."

मी मांडी चोळत होतो.

"शामकू भी दो टिकटां हैं. आते क्या? पोते के वास्ते लिया था. वो अब मेरे बाजू नै बैठता बोलरा."