फाइना रानेव्हस्काया: विनोदांच्या ढिगाखाली दबलेली नटी

रशियन इंटरनेटवर फाइना रानेव्हस्कायाचं नाव टाकलं की आधी विनोद येतात. पुरुषांवर, लग्नावर, म्हातारपणावर, मूर्खांवर, शेकड्यांनी. आपल्याकडे पु.लं. आणि व.पुं.च्या नावावर जसं काहीही फिरतं, तसं तिकडे हिच्या नावावर. तिची जीभ तिखट होती यात वाद नाही. पण त्या विनोदांनी नटी झाकली गेली, याचं मनापासून वाईट वाटतं. कारण छोटी भूमिका कशी करायची याचं इतकं सविस्तर शिक्षण विसाव्या शतकातल्या फार थोड्या नटांनी मागे ठेवलं आहे.

जन्म १८९६, दक्षिण रशियातलं तागानरोग. म्हणजे नाटककार चेखवचंच गाव. घरचं आडनाव फेल्डमान, वडील श्रीमंत व्यापारी. रंगभूमीसाठी घर सोडलं आणि नाव घेतलं ते चेखवच्याच ‘चेरी ऑर्चर्ड’ नाटकातल्या रानेव्हस्कायाचं. १९१७च्या क्रांतीनंतर घरचे सगळे देश सोडून गेले, ही मागे राहिली. पाव्ला वुल्फ या अनुभवी नटीने तिला हाताशी धरलं, घडवलं. वुल्फला ती आयुष्यभर गुरू मानत राहिली. यादवी युद्धाच्या काळात, दुष्काळात क्रिमियातल्या नाटकमंडळ्यांत कामं केली. बोलताना ती अडखळायची, हे पुढेही सुटलं नाही. रंगमंचावर मात्र अडखळणं गायब.

सिनेमात आली तेव्हा वय ३८. दिग्दर्शक मिखाईल रोमचा ‘पिश्का’ (१९३४), मोपासाँच्या कथेवरचा मूकपट. तिला मिळाली दारूविक्याची बायको, मादाम ल्वाझो. मूकपट असूनही तिने आपल्या वाट्याचे संवाद मूळ फ्रेंचमधून पाठ केले आणि कॅमेऱ्यासमोर फ्रेंचमध्येच बोलली. हे नुसतं हौसेचं वाटेल, पण त्यात पक्का हिशेब आहे. मूकपटात ओठ दिसतात. फ्रेंच बोलताना ओठ पुढे येतात, गोल होतात, गाल आत ओढले जातात. रशियन बोलताना तोंडाची ठेवण निराळी. प्रेक्षकाला शब्द कळणार नाहीत, पण ही बाई कुठली आहे ते कळेल. नुसतं तोंड हलवणाऱ्या नटाचा चेहरा वाक्याच्या मध्येच मरतो, कारण पुढे काय म्हणायचं हे त्यालाच ठाऊक नसतं.

आता ‘अलेक्सांद्र पार्खोमेन्को’ (१९४२). यादवी युद्धावरचा चित्रपट. संहितेत तिच्या वाट्याला जेमतेम एक ओळ: पियानो वाजवणारी बाई येते. बाकी काही नाही. रानेव्हस्कायाने ठरवलं की ही बाई वाजवेल, गाईल, सिगारेट ओढेल आणि तोंडात काहीतरी चघळत राहील, सगळं एकाच वेळी. प्रसंग मिनिटभराचा असेल-नसेल, पण चित्रपटातलं बाकी सगळं विसरलेल्यांनाही तो आठवतो.

हा तुकडा चार-पाच वेळा थांबवत बघण्यासारखा आहे. हातांकडे तिचं अजिबात लक्ष नाही; वर्षानुवर्षं रोज रात्री तेच वाजवून ते आपोआप चालतात. गाणं मात्र खरं आहे, त्यात थोडा दर्द उरलेला आहे. चघळणं आणि धूर गाण्याच्या श्वासांच्या मधल्या फटीत बसवलेले आहेत. म्हणजे चार क्रिया, पण चौघींचं वजन वेगळं: दोन सवयीच्या, एक भुकेची, एक मनातली. नक्कल करणारे फसतात ते इथेच. ते चारही गोष्टी सारख्याच जोराने करतात, मग ती कसरत होते. माणूस दिसेनासा होतो आणि नटाची मेहनत दिसायला लागते.

आपल्याकडे पदरची वाक्यं घालण्याला ‘अ‍ॅडिशन घेणं’ म्हणतात. रानेव्हस्काया अ‍ॅडिशनची सम्राज्ञी होती, पण तिची अ‍ॅडिशन हशा वसूल करण्यासाठी नसायची. मॉस्कोतल्या मोसोव्हेत थिएटरच्या ‘श्तोर्म’ (वादळ) नाटकात तिची मान्का नावाची काळाबाजारवाली होती. क्रांतीनंतरचा काळ, चेका म्हणजे गुप्त पोलिसांच्या कचेरीत चौकशी, एकच प्रवेश. नाटककार बिल-बेलोत्सेर्कोव्हस्कीच्या संमतीने तिने आपले संवाद बरेचसे स्वतः लिहिले. दक्षिणेकडची, युक्रेनी वळणाची गावंढळ बोली; ‘काय म्हणता?’चं तिचं ‘शो ग्रीते?’ पुन्हा पुन्हा येतं. एकदा ऐकू न आल्याचं सोंग, एकदा वेळकाढूपणा, एकदा खरी भीती. शब्द तोच, आत चाललेलं वेगळं. एखादं पालुपद पुन्हा पुन्हा वापरायचं असेल तर दर खेपेला त्यामागचं कारण बदललंच पाहिजे, नाहीतर तिसऱ्या वेळेला ते शिळं होतं.

त्या प्रवेशाचं पुढे काय झालं? लोक तो बघायला यायचे आणि तो संपला की निम्म्यातून उठून जायचे. मुख्य दिग्दर्शक युरी झावाद्स्कीने प्रवेशच काढून टाकला. दिग्दर्शकाच्या बाजूनेही बोलायला हवं: एका प्रवेशाने अख्खं नाटक खाल्लं तर प्रयोगाचा तोल जातो. पण अशा नटीला मोठी भूमिका द्यायची सोडून तिची छोटी भूमिका कापायची, हे मला पटत नाही.

मोठ्या भूमिका मिळाल्याच नाहीत असं नाही. रेड आर्मी थिएटरमध्ये १९३६ साली गॉर्कीच्या नाटकातली ‘वास्सा झेलेझ्नोव्हा’ तिने केली. पडद्यावर मात्र एकच खऱ्या अर्थाने मोठी: रोमचा ‘मेच्ता’ (स्वप्न), १९४१मध्ये पुरा झालेला आणि युद्धामुळे १९४३मध्ये लोकांपुढे आलेला. रोझा स्कोरोखोद, खानावळवजा लॉजची मालकीण. पैशापैशाला चिकटलेली, सगळं मुलासाठी करणारी आणि त्याच मुलाला गुदमरवणारी. तेव्हा ती ४५च्या आसपास होती आणि रोझा त्याहून बरीच थकलेली, जड दिसते. तुरुंगाच्या जाळीतून मुलाशी होणारी भेट बघा. आवाज चढवायची सगळी मुभा असताना ती तो चढवत नाही. या बाईचा राग येत असतानाच तिची दया येते. दोन्ही एका श्वासात, हे फार अवघड काम.

आणि मग दिग्दर्शक आयझेनस्टाइनचा ‘इव्हान द टेरिबल’. इव्हानची काकू एफ्रोसिन्या त्याला रानेव्हस्कायाकडूनच करून घ्यायची होती. चित्रपट समितीचा प्रमुख इव्हान बोल्शाकोव्ह याने ऑक्टोबर १९४२मध्ये पक्षाच्या वरिष्ठांना लिहून कळवलं की तिची ‘सेमिटिक’ चेहरेपट्टी क्लोज-अपमध्ये फार ठळक दिसते. भूमिका गेली सेराफिमा बिर्मानकडे. बिर्मानने ती उत्तम केली, तिच्याबद्दल तक्रार नाही. पण एका ज्यू नटीचा चेहरा नाकारणारा तो सरकारी कागद वाचताना आजही संताप येतो. तिला तीन स्टालिन पुरस्कार मिळाले (१९४९ आणि १९५१मध्ये दोन), १९६१मध्ये ‘सोव्हिएत संघाची लोककलावंत’ हा किताबही मिळाला. मान दिला, कामं नाही दिली. जवळजवळ पन्नास वर्षांत २५च्या आसपास चित्रपट, तेही बहुतेक छोट्या कामांचे.

त्यातलं ‘झोलुश्का’ (सिंड्रेला, १९४७) आवर्जून बघा. ही सावत्र आई किंचाळणारी चेटकीण नाही, ओळखीपाळखींच्या जोरावर जगणारी, वशिल्यावर विश्वास असलेली बाई आहे. नाचाच्या वेळी ती मुलींकडे राजपुत्राने किती वेळा पाहिलं, किती वेळा हसला याचा वाण्यासारखा हिशेब ठेवते. आरशासमोर टोपीवर पिसं लावून बघण्याचा प्रकार तर अक्षरशः गंभीर चेहऱ्याने चालतो. गंमत त्यामुळेच येते. खलपात्राला आपण दुष्ट आहोत हे माहीत नसतं. तिला फक्त वेळ कमी आणि कामं फार.

१९६९मध्ये अनातोली एफ्रोसने मोसोव्हेतमध्ये ‘दाल्शे तिशिना’ (यापुढे शांतता) बसवलं, सोबत रोस्तिस्लाव प्ल्यात. म्हाताऱ्या आईबापांना मुलं वाटून घेतात. राजा परांजप्यांच्या ‘ऊन पाऊस’मध्ये (१९५४) मराठी प्रेक्षकाने जे दुखणं पाहिलं, तेच. असं नाटक रडारडीत बुडायला वेळ लागत नाही. रानेव्हस्कायाची ल्यूसी मुलांना अवघडू नये म्हणून स्वतःच गोष्टी सोप्या करून देते. आपण वृद्धाश्रमात जातोय हे नवऱ्याला कळू द्यायचं नाही, म्हणून निरोपाच्या वेळी ती हसरी राहते. तिला अश्रू लपवायचे आहेत, त्यामुळे ते प्रेक्षकाच्या डोळ्यांत येतात. रडणारी ल्यूसी असती तर रडायचं काम तिनेच उरकलं असतं.

१९७८चं या नाटकाचं चित्रीकरण उपलब्ध आहे. सुरुवात तिथूनच करावी. मग ‘मेच्ता’, मग पियानोवाली. विनोदांचं म्हणाल तर एक साधी चाचणी लावा: ते कुणाला, कुठे म्हटलं हे सांगता येतं का? तिच्या पत्रांत किंवा टिपणांत आहे का? नसेल तर पुढे पाठवू नका. आत्मचरित्र तिने लिहायला घेतलं होतं, मग फाडून टाकलं आणि घेतलेली आगाऊ रक्कम परत केली. राहिले ते कपटे आणि पत्रं. आणि त्यांतली रानेव्हस्काया विनोदांतल्यापेक्षा खूपच एकटी आहे.

तिची शेवटची भूमिका १९८०ची, सेर्गेई यूर्स्कीने बसवलेल्या ओस्त्रोव्हस्कीच्या नाटकातली म्हातारी दाई फिलित्साता. वय ८४. पुन्हा एकदा मुख्य नसलेली भूमिका, आणि लोक पुन्हा एकदा तिच्यासाठीच तिकीट काढत होते. १९ जुलै १९८४ला मॉस्कोत ती गेली.