दुसऱ्यांदा बसलेलं नाटक

गेल्या महिन्यात पुण्याच्या मावसबहिणीचा फोन आला. ताई नुकतंच एका गाजलेल्या कादंबरीवरचं नाटक पाहून आली होती आणि चांगलीच चिडली होती. “अरे, पार वाट लावली रे कादंबरीची. अर्धी पात्रंच उडवलीत!” एखादी साहित्यकृती रंगमंचावर किंवा पडद्यावर आली की आपल्याकडे हा वाद पेटतोच: दिग्दर्शक मूळ लेखकाशी इमानी राहिला की नाही?

मी तिला दिग्दर्शिका विजया मेहतांचं उदाहरण दिलं. जयवंत दळवींनी ‘अंधाराच्या पारंब्या’ ही कादंबरी लिहिली, मग तिच्यावरून स्वतःच ‘बॅरिस्टर’ हे नाटक लिहिलं. १९७७ साली विजयाबाईंनी ते बसवलं आणि मावशींची भूमिकाही केली. पुढे त्यांनीच त्यावर ‘रावसाहेब’ हा हिंदी चित्रपट केला. त्यातल्या मावशीही त्याच, आणि त्या कामाला १९८५ चा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बॅरिस्टर मात्र रंगमंचावर विक्रम गोखले, पडद्यावर अनुपम खेर. माध्यम बदललं, भाषा बदलली. पण विलायतेहून शिकून आलेला, सुधारणेची भाषा बोलणारा माणूस घरातल्या तरुण विधवेच्या पाठीशी उभं राहायची वेळ आली की कचरतो, ती कळ तशीच राहिली. परदेशात बसून घरच्यांना शहाणपण सांगणाऱ्या मला तो माणूस फार टोचतो.

मी राहतो त्या जर्मनीतल्या लाइपझिगमध्ये विजयाबाईंनी जर्मन नटांना घेऊन ‘शाकुंतल’ बसवलं होतं, वायमारमध्ये ‘हयवदन’. त्याआधी वायमारचे दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ मुंबईत त्यांच्याबरोबर जर्मन नाटककार ब्रेश्टचं नाटक करून गेले होते. खानोलकरांच्या मराठीतलं ते ‘अजब न्याय वर्तुळाचा’. ब्रेश्टनेही ती खडूच्या वर्तुळाची गोष्ट एका जुन्या चिनी नाटकावरून घेतलेली. मग इमान राखायचं ते नेमकं कुणाशी?

इथे दिग्दर्शक शिलरसारख्या अभिजात नाटककाराचे अंकच्या अंक गाळतात, कादंबऱ्या तीन नटांत बसवतात. प्रेक्षक कुरकुरतात, क्वचित उठूनही जातात. तरी सगळं मोकळं रान आहे असं नाही. २०१५ मध्ये म्युनिकला दिग्दर्शक फ्रांक कास्टोर्फने ब्रेश्टच्या ‘बाल’ या नाटकात इतरांचे उतारे घातले, तर वारसदारांच्या वतीने प्रकाशक कोर्टात गेला आणि प्रयोग थांबले. ते मला आजही पटत नाही. आयुष्यभर दुसऱ्यांच्या गोष्टी घेऊन नाटकं लिहिणाऱ्याच्या नावाने हे व्हावं?

पण ताईचा राग मला फोन ठेवल्यावर समजला. जर्मनीत सरकारी पैशावर चालणारी सुमारे १४० नाट्यगृहं आहेत. त्यांतल्या बहुतेकांकडे पगारी नटसंच आहे. शिलर एका गावात बिघडला तर दोन वर्षांनी शेजारच्या गावात कुणीतरी वेगळा करतोच. आपल्याकडे नट नोकरी नाहीतर मालिका सांभाळून तालमीला येतात, निर्माता तारखांसाठी धावतो, आणि एखादी कादंबरी रंगमंचावर येते ती बहुधा एकदाच. ती एकमेव संधी हुकली की वाचकाला आपलं काही हिरावून घेतल्यासारखं वाटतं. म्हणून कादंबरीवर पहारा बसवण्यापेक्षा तीच पुन्हा बसवणाऱ्याला तालमीची जागा आणि पैसा द्यावा, असं मला कळकळीने वाटतं. महापालिकांनी नाट्यगृहं बांधली, त्यांत तालमीसाठी परवडणारी खोली का नसावी?

रविवारी ताईला पुन्हा फोन केला. तिने एलकुंचवारांचं ‘वाडा चिरेबंदी’ १९८५ साली विजयाबाईंचं पाहिलेलं. मी पाहिलं ते चंद्रकांत कुलकर्णींचं, १९९४ ला, त्याच कुटुंबाची गोष्ट पुढे नेणाऱ्या दोन्ही नाटकांसह, सकाळपासून रात्रीपर्यंत बसून. त्यातली वहिनी कुणाच्या प्रयोगातली खरी, यावर आम्ही तासभर भांडलो. एलकुंचवारांचं नाटक कुणी बिघडवलं, असं मात्र दोघांपैकी एकालाही म्हणावंसं वाटलं नाही.