बघायचा हक्क आहे म्हणे

आज डोकं फिरलंय. पोस्ट मोठी होणार, कंटाळा आला तर पुढं सरका.

शेजारची पोर यंदा दहावीला होती. कर्नाटक बोर्ड, मराठी माध्यम, विज्ञानात 61. तिला काय पटेना, म्हणून खानापुरातल्या सायबर सेंटरवर जाऊन पेपरची स्कॅन कॉपी मागवली. आज आली. चार मार्कांचं एक उत्तर पान उलटून पुढं गेलंय, आणि त्या पुढच्या पानावर लाल पेनाचा ठिपका नाही. बरोबरची खूण नाही, फुली नाही, भोपळासुद्धा नाही. ते पान कुणी उघडलंच नाही.

तिचे बाबा मला म्हणतात, "जाऊ दे की वो वहिनी, पास झालीया न्हवं. परत कशाला पैसे घालायचे?"

इथं माझी सटकली. कॉपीचे पैसे वेगळे, आणि कॉपीत चूक सापडली की पुनर्मूल्यांकनाचे, म्हणजे फेरतपासणीचे, परत वेगळे. चूक त्यांची, पावती आमची! (कन्नडात त्याला मरुमौल्यमापन म्हणतात. ‘मरु’ म्हणजे पुन्हा, कळतं मला. पण फी बघितली की मराठी कानाला दुसरंच ऐकू येतं.)

माझ्या दादाचं जुन्या वाचकांना माहीत आहे. 1998 ची दहावी, नंदगड. बाकी विषयांत साठच्या वर आणि गणितात 27. गल्लीतल्या पोरांना गणित शिकवणारा हा! हेडमास्तरांनी फेरमोजणीचा फॉर्म भरायला लावला. फेरमोजणी म्हणजे दिलेल्या मार्कांची बेरीज परत करायची, बस्स. काही दिवसांनी कार्ड आलं, बदल नाही. आईनं ते देवाच्या फोटोमागं सरकवलं. परत बस म्हणून सगळे मागं लागले, तो बसला नाही. बेळगावात उद्यमबागेत फौंड्रीत लागला, अजून तिथंच आहे.

सत्तावीसबद्दल तो कधी बोलत नाही. "पेपर एकदा बघायला पायजे होता," एवढंच.

आता कायद्याचं ऐका. फेरतपासणी मिळणार नाही असा बोर्डाचा नियम असेल तर तो चालतो, असं सुप्रीम कोर्टानं 1984 साली सांगितलं. तेही मुंबई हायकोर्टानं पोरांच्या बाजूनं दिलेला निकाल फिरवून. आणि बोर्ड कुठलं? महाराष्ट्राचं! म्हणजे ऊठसूट सगळं बेंगळूरवर ढकलायला नको, मान्य. पुढं 2011 मध्ये त्याच कोर्टानं म्हटलं, तपासलेला पेपर ही माहितीच आहे, ज्याचा पेपर त्याला माहितीच्या अधिकारात बघता येतो. टाळ्या वाजवणार होते, तर त्याच निकालात पुढं लिहिलंय की या कायद्यात फेरतपासणी मागता येणार नाही. ती बोर्डाच्या नियमात असली तर असली. उद्या नियम काढला की संपलं. म्हणजे पंगतीत ताट रिकामं दिसलं तरी नुसतं बघत बसायचं, वाढा म्हणायचं नाही.

आठ लाखांवर पोरं बसतात, हेही खरं. माझी नणंद तपासायला जाते, भर उन्हाळ्यात, मान धरते तिची. सगळ्यांचे पेपर परत काढले तर कॉलेजं गणपतीतच सुरू होतील. असू दे. पण न तपासलेलं पान समोर धरल्यावरसुद्धा पैसे भरा? दादासारखे किती जण फौंड्रीत, हॉटेलात, शेतात गेले असतील, त्यांचं कोणतं पान कुणी उलटलं नव्हतं, कुणाला ठाऊक.

असो. मास्तरांवर राग नाही माझा. नणंदेनं ही पोस्ट वाचली तर चहा मिळायचा नाही, म्हणूनही सांगून ठेवते.

पुनर्मूल्यांकनाचा अर्ज संध्याकाळी मीच भरला. पोरीला म्हटलं, पहिल्या पगारात फेड.

दादा ड्यूटीवरून येताना घरी आला होता. पोरीनं त्याला फोनवर पेपर दाखवला. बोटांनी मोठं करून करून त्यानं सगळी पानं बघितली, विज्ञान असून. फोन परत देताना मला म्हणाला, "माझा पण काढता येईल काय गे?"

मी म्हटलं, बघूया, आधी जेवून घे.